कोब्लेन्झ : ऱ्हाईन-मोझेलच्या संगमावरचं शहर

आजच्या भागात आपण जर्मनीतल्या एका नदीकाठच्या शहरात जाणार आहोत. बर्लिन, म्युनिक ही नावं आपल्या कानावरून गेलेली असतात. कोब्लेन्झ हे नाव मात्र बहुतेकांनी ऐकलेलं नसतं. लाखभर वस्तीचं शहर, फ्रँकफर्टहून रेल्वेने साधारण दीड तासावर. माझी मुलगी आणि जावई त्या बाजूला राहतात, म्हणून दोन वेळा जाणं झालं. पहिल्या खेपेला एक दिवस दिला होता. दुसऱ्या खेपेला पाच दिवस राहिलो, तरी सगळं बघून झालं असं वाटलं नाही.

मी सैन्यात इंजिनिअर कोअरचा माणूस. पूल बांधणं, पूल उडवणं, नदी ओलांडणं यात नोकरी गेली. त्यामुळे कुठल्याही नदीकाठच्या गावात गेलो की मला आधी पूल, चढण आणि उंचावरची जागा दिसते, देवळं-चर्चेस नंतर. कोब्लेन्झला या तिन्ही गोष्टी एका नजरेत येतात. आणि आणखी एक गोष्ट तिथे आहे. या गावात जे जे सैन्य जिंकून आलं, त्याने काहीतरी दगडात कोरून ठेवलं. त्या दगडांचं पुढे काय झालं, ही आजची गोष्ट.

आधी जागा समजून घेऊ. ऱ्हाईन नदी स्वित्झर्लंडच्या आल्प्समधून निघते आणि उत्तर समुद्राकडे जाते. मोझेल ही फ्रान्समधल्या व्होझ डोंगरातून येते. कोब्लेन्झला या दोघी मिळतात. डाव्या तीरावर सपाट जमिनीवर गाव आहे. समोर उजव्या तीरावर नदीपासून सुमारे ११८ मीटर उंचीचा कडा आहे, आणि त्या कड्यावर एरेनब्राइटश्टाइन नावाचा प्रचंड किल्ला. ज्याच्या हातात हा कडा, त्याच्या हातात दोन्ही नद्यांची वाहतूक. इथे लष्कर का आलं, हे सांगायला इतकं पुरे आहे.

पहिले आले रोमन. सम्राट ऑगस्टसचा सावत्र मुलगा ड्रुसस याच्या काळात, म्हणजे इसवी सनापूर्वी ९ च्या सुमारास, इथे लष्करी ठाणं बसलं. लॅटिनमध्ये त्यांनी जागेला नाव दिलं 'कॉन्फ्लुएंतेस', म्हणजे एकत्र वाहणाऱ्या. त्याचंच घासून घासून कोब्लेन्झ झालं. आपल्याकडच्या कुठल्याही 'संगम' नावाच्या गावाइतकं साधं नाव! इसवी सन ४९ मध्ये रोमनांनी इथे ऱ्हाईनवर लाकडी खांबांचा पूल बांधला. त्याचे ओकचे खांब नदीत सापडले, आणि लाकडातली वर्षाची वलयं मोजून साल ठरवलं गेलं. दोन हजार वर्षांपूर्वी, एवढ्या ओढीच्या पाण्यात, वाफेच्या हातोड्याशिवाय खांब ठोकायचे! मी तिथे उभा राहून मनातल्या मनात त्या सॅपर्सना सलाम केला.

रोमन गेले, फ्रँक लोक आले. संगमाच्या टोकाजवळ संत कास्टोर यांचं चर्च आहे. त्याची प्रतिष्ठापना ८३६ साली झाली. आज दिसणारी इमारत बरीचशी बाराव्या-तेराव्या शतकातली आहे, पण जागा तीच. ८४२ मध्ये शार्लमेन बादशहाच्या तीन नातवांचे प्रतिनिधी इथे वाटणीच्या बोलण्यांसाठी जमले. तिघा भावांमध्ये लढाया होऊन गेल्या होत्या. पुढच्याच वर्षी व्हेर्दूंचा तह झाला आणि साम्राज्याचे तीन तुकडे पडले. पश्चिमेकडच्या तुकड्यातून पुढे फ्रान्स आणि पूर्वेकडच्या तुकड्यातून जर्मनी उभा राहिला. मधला पट्टा कोणाचा, यावर या दोन देशांनी पुढची हजार वर्षं भांडण केलं. भावकीची वाटणी आणि मधल्या बांधाचं भांडण आपल्या श्रोत्यांना वेगळं समजावून सांगायला नको. कोब्लेन्झ नेमकं त्या मधल्या पट्ट्यात.

१०१८ मध्ये सम्राट दुसऱ्या हेन्रीने हे गाव ट्रियरच्या आर्चबिशपांना देऊन टाकलं. हे आर्चबिशप नुसते धर्मगुरू नव्हते. सम्राट निवडण्याचा हक्क असलेल्या सात जणांपैकी ते एक होते. सैन्य, कर, किल्ला सगळं त्यांचं. १७९४ पर्यंत, म्हणजे पावणेआठशे वर्षं, त्यांचीच सत्ता राहिली. त्यातल्या बाल्डुइन नावाच्या आर्चबिशपांनी चौदाव्या शतकात मोझेलवर दगडी कमानींचा पूल बांधायला घेतला. काही फेरफार होऊन तो आजही वापरात आहे.

आता येऊ १७९१-९२ कडे. फ्रेंच राज्यक्रांती सुरू झाली होती. राजा सोळावा लुई पॅरिसमध्ये अडकलेला, पण त्याचे दोन भाऊ निसटून कोब्लेन्झला आले, कारण इथले आर्चबिशप क्लेमेन्स वेन्झेस्लाउस हे त्यांचे सख्खे मामा. मामांच्या मागे हजारो फ्रेंच सरदार आले. गाव लहान, पाहुणे खर्चिक. परत जाऊन क्रांती मोडून काढायची, यावर रोज खलबतं.

२५ जुलै १७९२ रोजी याच कोब्लेन्झमधून एक जाहीरनामा निघाला. प्रशिया आणि ऑस्ट्रियाच्या संयुक्त सैन्याचा सेनापती ड्यूक ऑफ ब्रुन्सविक याच्या नावाने. मजकूर असा, की राजघराण्याला धक्का लागला तर पॅरिस शहराला कायमची आठवण राहील अशी शिक्षा देऊ. सैन्य अजून पॅरिसपासून कितीतरी दूर होतं. धमकी आधी पोहोचली. परिणाम काय झाला? १० ऑगस्टला पॅरिसच्या लोकांनी राजवाड्यावर हल्ला केला आणि राजेशाही कोसळली. २० सप्टेंबरला वाल्मीला फ्रेंच तोफखान्याने ब्रुन्सविकच्या सैन्याला अडवलं आणि ते मागे फिरलं. पुढच्या जानेवारीत राजाचं डोकं उडालं. ज्याला वाचवायचं होतं त्याचाच घात त्या कागदाने केला. मी अधिकाऱ्यांच्या वर्गात शिकवत असे तेव्हा हे उदाहरण हटकून द्यायचो. जी शिक्षा आज देता येत नाही, तिची तारीख आज सांगू नये.

दोन वर्षांनी फ्रेंच सैन्यच कोब्लेन्झला आलं. ऑक्टोबर १७९४. त्यांचा सेनापती होता मार्सो, वय पंचविशीतलं. गाव सहज पडलं. समोरचा किल्ला पडेना. १७९५ पासून फ्रेंचांनी त्याला पुन्हा पुन्हा वेढा घातला. सरळ हल्ल्याने तो कधीच घेता आला नाही. शेवटी २७ जानेवारी १७९९ रोजी शिबंदीने किल्ला खाली केला, कारण खायला काही उरलं नव्हतं. किल्ल्याच्या भिंती किती जाड, हे प्रत्येक गाइड सांगतो. धान्याचं कोठार किती मोठं, हे विचारावं लागतं. १८०१ मध्ये किल्ला सोडून जाताना फ्रेंचांनी तो सुरुंगाने उडवला.

मार्सो तोवर हयात नव्हता. सप्टेंबर १७९६ मध्ये ऱ्हाईनच्या पूर्वेला माघारीच्या लढाईत तो जबर जखमी झाला आणि शत्रूच्या, म्हणजे ऑस्ट्रियनांच्या हाती पडला. सत्ताविसाव्या वर्षी तिथेच त्याने प्राण सोडला. ऑस्ट्रियाचा सेनापती आर्चड्यूक कार्ल याने त्याचं शव सन्मानाने फ्रेंचांकडे पाठवलं. कोब्लेन्झला त्याच्यासाठी पिरॅमिडच्या आकाराचं स्मारक उभं राहिलं. पुढे प्रशियनांना त्याच टेकडीवर तटबंदी बांधायची होती. स्मारक मध्ये आलं. शत्रूच्या सेनापतीचं थडगं, पाडून टाकलं असतं तर कोणी विचारलं नसतं. पण प्रशियाच्या राजाने ते दुसऱ्या जागी पुन्हा उभारून घेतलं. ते आजही मोझेलच्या पलीकडच्या काठावर आहे. तिथे पर्यटक फारसे जात नाहीत. तुम्ही जा.

आता परत संत कास्टोरच्या चर्चकडे. दारासमोर चौकात एक दगडी कारंजं आहे. दिसायला अगदी साधं, चौकोनी. फोटो काढून लोक पुढे जातात. थांबून वाचलं तर त्यावर फ्रेंच भाषेत दोन मजकूर कोरलेले दिसतात.

१८१२ मध्ये कोब्लेन्झ फ्रान्सचा एक जिल्हा होता. ज्यूल दोआझाँ नावाचा प्रीफेक्ट, म्हणजे आपल्या भाषेत कलेक्टर, तिथे होता. नेपोलियन सुमारे सहा लाख सैन्य घेऊन रशियावर निघाला होता. विजय नक्कीच, असं सगळ्यांनी धरून ठेवलेलं. कलेक्टरसाहेबांनी कारंजं बांधलं आणि त्यावर कोरलं की हे वर्ष रशियनांविरुद्धच्या मोहिमेमुळे संस्मरणीय झालं. खाली स्वतःचं नाव घालायलाही ते विसरले नाहीत. त्या सहा लाखांचं काय झालं, आपल्याला माहीत आहे.

१ जानेवारी १८१४ रोजी रशियन सैन्य ऱ्हाईन ओलांडून कोब्लेन्झमध्ये शिरलं. त्यांचा सेनापती सेंट-प्रीस्ट. गंमत म्हणजे हा जन्माने फ्रेंच, क्रांतीमुळे परागंदा झालेल्या घराण्यातला, रशियाच्या चाकरीत गेलेला. रशियनांनी ते कारंजं पाहिलं. हातोडा घेऊन फोडणं किती सोपं होतं! त्यांनी पाथरवट बोलावला आणि पहिल्या मजकुराच्या खाली एक शेरा कोरून घेतला : कोब्लेन्झ शहराचा रशियन कमांडंट म्हणून आम्ही हे पाहिलं आणि मंजूर केलं, १ जानेवारी १८१४. अगदी कचेरीतल्या फायलीवर साहेब शेरा मारतात तसा. ज्यांनी सरकारी नोकरी केली आहे त्यांना यातली मजा जास्त कळेल. आणि सेंट-प्रीस्ट? त्याच मार्चमध्ये रेंसच्या लढाईत तो जखमी झाला आणि त्या जखमेने गेला. शेरा राहिला.

यावरून एक आठवण सांगतो. अरुणाचलात मी कॅप्टन असताना आमच्या तुकडीने एका नाल्यावर बेली ब्रिज टाकला. आमच्या लोकांची पद्धत अशी की पुलाच्या तोंडाशी तुकडीचं नाव आणि तारीख लिहिलेली पाटी लावायची. जवानांनी मोठ्या हौसेने ती रंगवली. पुढच्या पावसाळ्यात नाल्याला पूर आला. पूल राहिला, पाटी वाहून गेली. आमच्या सुभेदारसाहेबांनी नवी पाटी करू दिली नाही. म्हणाले, 'साहेब, खेचरवाल्यांना पूल माहीत आहे, तेवढं बस.' कोब्लेन्झच्या त्या कारंज्यापाशी मला सुभेदारसाहेब आठवले.

१८१५ मध्ये व्हिएन्नाच्या वाटाघाटींत हा सगळा प्रदेश प्रशियाला मिळाला. फ्रान्स पुन्हा येणार, या हिशेबाने त्यांनी कोब्लेन्झभोवती किल्ल्यांची माळच बांधली. एरेनब्राइटश्टाइन १८१७ ते १८२८ या काळात नव्याने उभा राहिला. आज आपण बघतो तो हाच. युरोपातल्या सर्वात मोठ्या तटबंद्यांमध्ये त्याची गणना होते. आणि त्याला एकदाही वेढ्याची परीक्षा द्यावी लागली नाही. काही जण म्हणतात, पैसा वाया गेला. मला तसं वाटत नाही. ज्या किल्ल्याकडे बघून शत्रू दुसरी वाट धरतो, त्याने आपलं काम केलेलं असतं.

याच सुमारास कोब्लेन्झमध्ये एक प्रशियन कर्नल स्टाफची नोकरी करत होता. नाव कार्ल फॉन क्लाउझेवित्झ. जगातल्या प्रत्येक लष्करी अधिकाऱ्याने ज्याचं नाव परीक्षेत लिहिलं आहे, तो. ऱ्हाईनवरच्या प्रशियन सैन्याचा चीफ ऑफ स्टाफ म्हणून तो १८१८ पर्यंत इथे होता, आणि युद्धावरच्या आपल्या ग्रंथाची सुरुवातीची टिपणं त्याने इथे लिहिली. १८३१ मध्ये तो कॉलऱ्याने गेला. ग्रंथ अपुराच राहिला होता. त्याची पत्नी मारी हिने कागद लावून १८३२ पासून तो छापायला घेतला. युद्ध हे राजकारणाचंच पुढचं साधन, हे त्याचं म्हणणं सगळे सांगतात. ज्या माणसासमोर ब्रुन्सविकचा जाहीरनामा, वाल्मी, मॉस्को आणि वॉटर्लू एवढं सगळं वीस-बावीस वर्षांत होऊन गेलं, त्याला हे सुचणं स्वाभाविक होतं.

किल्ल्यात एक तोफ आहे, नाव ग्राइफ. १५२४ मध्ये आर्चबिशप रिखार्ड फॉन ग्राइफेनक्लाउ यांच्यासाठी ओतलेली, सुमारे नऊ टन वजनाची. १७९९ मध्ये फ्रेंचांनी ती नेली. १९४० मध्ये फ्रान्स पडल्यावर जर्मनांनी परत आणली. युद्धानंतर फ्रेंच पुन्हा घेऊन गेले. अखेर १९८४ मध्ये फ्रान्सचे अध्यक्ष मित्तरां यांनी ती कायमची उसनी म्हणून कोब्लेन्झला दिली. उसनी हा शब्द महत्त्वाचा. मालकी कोणाची यावर दोघांनी वाद वाढवला नाही, आणि तोफ घरी आली.

आता संगमाचं टोक. याला म्हणतात 'डॉइचेस एक्', म्हणजे जर्मन कोपरा. १२१६ मध्ये ट्यूटॉनिक नाइट्स, ज्यांना जर्मन ऑर्डर म्हणतात, ते इथे स्थायिक झाले, त्यावरून हे नाव. १८९७ मध्ये इथे सम्राट पहिल्या विल्हेल्मचा अश्वारूढ पुतळा बसवला, चौथऱ्यासकट ३७ मीटर उंच. जर्मनी एक केल्याचा अभिमान आणि फ्रान्सला जरब, दोन्ही त्यात होतं. त्यानंतर एकवीस वर्षांनी, डिसेंबर १९१८ मध्ये, अमेरिकन सैन्य या गावात येऊन बसलं. जानेवारी १९२३ पर्यंत समोरच्या किल्ल्यावर अमेरिकेचा झेंडा होता. व्हर्सायच्या तहाप्रमाणे इथली तटबंदी पाडायची होती, आणि बरीचशी पाडलीही गेली. एरेनब्राइटश्टाइन वाचला, कारण अमेरिकन सेनापती हेन्री ऍलन यांनी त्याच्यासाठी रदबदली केली. जिंकलेल्या सेनापतीने हरलेल्यांचा किल्ला वाचवला! अमेरिकन गेल्यावर १९२९ पर्यंत फ्रेंच राहिले. त्या काळात एका फ्रेंच अधिकाऱ्याच्या घरी इथे एक मुलगा जन्मला. तो पुढे फ्रान्सचा अध्यक्ष झाला, व्हालेरी जिस्कार देस्तँ.

दुसऱ्या महायुद्धाबद्दल थोडक्यात सांगतो, पण सांगायला हवंच. १९४२ मध्ये इथल्या ज्यू नागरिकांना आगगाड्यांत भरून पूर्वेकडे मरायला पाठवलं गेलं. ज्या घरांतून ते गेले त्यांच्यासमोर फुटपाथवर आज पितळी फरशा बसवल्या आहेत, एकेका नावाची. वाचायचं तर मान खाली घालावी लागते. ६ नोव्हेंबर १९४४ रोजी ब्रिटिश विमानांनी जुनं गाव जाळलं. युद्ध संपलं तेव्हा शहराचा सुमारे ८७ टक्के भाग उद्ध्वस्त होता. मार्च १९४५ मध्ये अमेरिकन तोफांनी सम्राटाचा पुतळाही उडवला. चौथरा तेवढा राहिला.

त्या रिकाम्या चौथऱ्याचं काय करायचं? १९५३ मध्ये अध्यक्ष थिओडोर हॉइस यांनी तो जर्मन एकतेचं स्मारक म्हणून जाहीर केला. देशाचे दोन तुकडे झालेले होते, त्यामुळे रिकाम्या चौथऱ्याला अर्थ होता. १९९० मध्ये देश एक झाला. एका वृत्तपत्र प्रकाशकाने, वेर्नर थाइसेन यांनी, पुतळा पुन्हा करून द्यायची तयारी आधीच दाखवली होती. मोठा वाद झाला. सम्राट परत कशाला, असं अनेक जण म्हणत होते. शेवटी १९९३ मध्ये पुतळा बसला. क्रेनने तो चढवला २ सप्टेंबरला, म्हणजे १८७० मध्ये सेदानला फ्रान्सची हार झाली त्याच तारखेला, आणि त्यावरूनही टीका झाली. आज पुतळ्याच्या जवळच बर्लिनच्या भिंतीचे तीन तुकडे उभे केले आहेत. मी दोघांकडे आळीपाळीने बघत होतो. मला स्वतःला तो रिकामा चौथरा बघायला आवडला असता. माझ्या जावयाचं मत उलट आहे.

शेवटची दोन ठिकाणं. गावाबाहेर टेकडीवर रिटरस्टुर्झ नावाची जागा आहे. ८ ते १० जुलै १९४८ या तीन दिवसांत तिथल्या हॉटेलात पश्चिम जर्मनीतल्या राज्यांचे मुख्यमंत्री जमले. नवं राज्य बनवा, असं जेत्या राष्ट्रांनी सांगितलं होतं. पूर्वेकडचे लोक बरोबर नसताना आपण संविधान म्हणायचं नाही, या आग्रहातून 'मूलभूत कायदा' हे नाव पुढे आलं. आज हॉटेल नाही, एक स्मारक आहे.

दुसरं ठिकाण म्हणजे जर्मन सैन्याचं 'इनरे फ्युरुंग' केंद्र. शब्दशः अर्थ आतून येणारं नेतृत्व. १९५० च्या दशकात नवं सैन्य उभारताना त्यांनी ठरवलं की सैनिक हा गणवेशातला नागरिक आहे. त्यांच्या १९५६ च्या सैनिक कायद्यात स्पष्ट लिहिलं आहे, की जी आज्ञा पाळल्याने गुन्हा घडेल ती सैनिकाने पाळायचीच नाही. आपल्या आर्मी ऍक्टमध्येही अवज्ञेच्या कलमात 'कायदेशीर आज्ञा' असाच शब्द आहे. छत्तीस वर्षं मी आज्ञा दिल्या आणि पाळल्या. त्या एका विशेषणाचं वजन कोब्लेन्झच्या पितळी फरशांपाशी मला जेवढं जाणवलं, तेवढं कुठल्याही वर्गात जाणवलं नव्हतं.

जाणार असाल तर केबल कारने नदी ओलांडून किल्ल्यावर जा. संध्याकाळी जा. वरून मोझेलचं आणि ऱ्हाईनचं पाणी मिळताना वेगवेगळ्या रंगाचं दिसतं, आणि काही अंतर तसंच शेजारी शेजारी वाहतं. खाली उतरलात की कारंज्यावरचे दोन्ही मजकूर शोधा. मुलांना बरोबर न्या आणि त्यांनाच वाचायला सांगा.

पुढच्या भागात याच नदीच्या काठाने उत्तरेला सुमारे चाळीस किलोमीटर खाली जाऊ, रेमागेनला. मार्च १९४५ मध्ये उडवायचा ठरलेला एक रेल्वे पूल तिथे उडाला नाही, आणि युद्धाची चालच बदलली. तो पूल का उडाला नाही, हे सॅपरच्या नजरेने बघू. तोवर काळजी घ्या. जय हिंद.